तळ्यावरची भरती

फिलू, तुला मातीत ठेवलं तेव्हा ओहोटी होती. फादर प्रार्थना म्हणत होते, तुझी वहिनी रडत होती, आणि मी गोराईच्या त्या चर्चमागे उभी राहून मनातल्या मनात पाऊणकी म्हणत होते. आज पंचमी, पाच पाऊण पावणेचार, म्हणजे भरती दुपारी पावणेचारला आणि आत्ता सकाळी खाडी पार आटलेली असणार. अशा वेळी माणसं देवाचं नाव घेतात. मी गुणाकार केला. ही सवय तूच लावलीस, तेव्हा नावं ठेवायची असतील तर स्वतःला ठेव.

तुमच्या स्वयंपाकघरात मेरीमातेच्या तसबिरीखाली भिंतीवरचं मराठी कॅलेंडर टांगलेलं असायचं. रविवारची मिस्सा तू कधी चुकवली नाहीस, आणि रोज सकाळी तिथी बघितल्याशिवाय कधी घराबाहेर पाऊल टाकलं नाहीस. पहिल्यांदा तुमच्याकडे जेवायला आले तेव्हा मला हसू फुटलं होतं. ख्रिस्ती घरात चतुर्थी नि एकादशी कशाला हवी, असं मी विचारलं. तू बोंबील परतता परतता म्हणालीस, चंद्र काय फक्त तुमच्या घरचा आहे काय? तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते, हे तुझ्या आजोबांनी तुला शाळेत घालायच्या आधी शिकवलं होतं. अष्टमीला सहा, दशमीला साडेसात. बाकी गणितात तुझा आनंदच होता. मार्कांची बेरीज दर सहामाहीला माझ्याकडून तपासून घ्यायचीस, आणि तरी पाऊणकी माझ्याआधी म्हणून दाखवायचीस.

बोरिवलीच्या त्या शाळेत तू पीटीची बाई आणि मी गणिताची. तू सकाळी खाडी ओलांडून यायचीस, चपला हातात, पायाला चिखल, आणि आल्या आल्या मैदानावर शिट्टी. मुख्याध्यापकांना तुझा आवाज जास्त वाटायचा. मलाही वाटायचा, खोटं कशाला बोलू. पहिलं वर्षभर मी तुझ्याशी कामापुरतंच बोलले असेन. मग सहलीत एकदा तुझ्याशेजारी बसायची वेळ आली, आणि तू अख्खा रस्ता मला भांडणात गुंतवून ठेवलंस. मालवणी माणसाची मुलगी पाण्याला भिते, हे तुला पटतच नव्हतं. तुझ्या मते हा आईबापांचा अपमान होता. त्या दिवसापासून मला पाण्यावर नेणं हे तू आपलं काम मानलंस, आणि एकदा एखादं काम मानलं की तुझ्यापुढे कुणाचं काही चालत नसे.

होडी डॉमनिकने केली. तुझा हा मामेभाऊ कांदिवलीला फायबरच्या कारखान्यात होता, तिथे बागांसाठी घसरगुंड्या बनायच्या. कुठल्याशा इंग्रजी मासिकात तू कायाकचा फोटो पाहिलास आणि त्याच्या मागे लागलीस. बिचाऱ्याने मालकाला विचारून सुट्टीच्या दिवशी साचा केला आणि ती होडी बनवली. लांबट, निमुळती, दोन माणसांची, एक पुढे आणि एक मागे. रंग घसरगुंडीचाच, लालभडक, कारण तोच उरला होता. गोराईच्या खाडीत ती पहिल्यांदा उतरवली तेव्हा जाळी सोडून माणसं बघायला आली. फिलोमिना, घसरगुंडीत बसून कुठे निघालीस, म्हणून कुणीतरी ओरडलं आणि सगळा किनारा हसला. तूही हसलीस. पण घरी आल्यावर म्हणालीस की आपल्याला असं पाणी पाहिजे, जिथे इंजिनाचा आवाज नाही आणि शहाणपणा शिकवायला कुणी उभं नाही.

तसं पाणी डॉमनिकनेच शोधलं. कारखान्याच्या टेम्पोतून घसरगुंडी पोचवायला तो नाशिककडे गेला होता, तेव्हा घोटीवरून आत, डोंगरांच्या मधे, त्याला ते धरणाचं तळं दिसलं. माझ्या आईला कळलं तेव्हा तिने कपाळावर हात मारला. "पोहूक येना नाय, आणि होडयेत कित्याक बसतंस?" एवढंच ती म्हणाली. निदान एखादा वाटाड्या घेऊ, गावातलं कुणीतरी माहीतगार, असं मी तुला सुचवून पाहिलं. पाण्यावर वाट कुठे असते म्हणून वाटाड्या पाहिजे, असं तू म्हणालीस आणि विषय संपवलास.

पाण्यात उतरलो ती सकाळ मी काही विसरत नाही. मी होडीची कड घट्ट धरली होती आणि वल्हं धरायचं कसं तेही कळत नव्हतं. तू मागच्या जागेवर बसलीस, कारण दिशा मागचा माणूस सांभाळतो. मला म्हणालीस, "सुमे, तू काही करू नकोस गो. नुसती पुढे बस. वजन म्हणून." पुढे वजन नसलं की होडीचं नाक वर उठतं आणि वारा तिला हवं तसं फिरवतो, हे तू मला नंतर समजावलंस. त्या क्षणी मात्र मला राग आला होता. बी.एड. झालेली बाई मी, आणि माझा उपयोग काय तर पोत्यासारखा! पण त्या रागाने एक झालं, माझी भीती मागे पडली. काठ लांब गेला. दोन्ही बाजूंचे डोंगर पाण्यात उलटे दिसत होते आणि आपल्या वल्ह्यांवरून ठिबकणारं पाणी ऐकू येत होतं, इतकी शांतता. शाळेत शंभर पोरांवर ओरडणारी तू तासभर एक शब्द बोलली नाहीस. मी मागे वळून बघू शकत नव्हते, तरी तू आहेस हे होडीच्या चालीवरून कळत होतं. त्या सकाळसाठी मी तुझी जन्माची ऋणी आहे, आणि हे मी तुला तोंडावर कधी म्हटलं नाही. म्हटलं असतं तर तू माझी चेष्टा केली असतीस.

पलीकडच्या काठावर महादेव कोळ्यांची वाडी होती. भागीमावशी काठावर भांडी घासत होत्या, त्यांनी आपल्याला वर चहाला बोलावलं. तू होडी पाण्याच्या कडेला लावलीस, जरा वर ओढलीस आणि चालू लागलीस. बांधत का नाहीस, असं मी विचारलं. तू बोटांवर मोजून म्हणालीस, आज चतुर्दशी, भरती साडेदहाला होऊन गेली, आता पाणी उतरणार, होडी कोरड्यावर राहील. आणि मीही मान डोलावली! गणिताची बाई मी, उत्तर बरोबर आलं म्हटल्यावर गणित कशाचं होतं ते बघितलंच नाही. समुद्रापासून एवढ्या लांब, डोंगरातल्या गोड्या पाण्याला ओहोटी लावून दोन शहाण्या बायका चहा प्यायला गेल्या.

मावशींच्या घरात आपण चांगल्या रमलो. तू कोण कुठली ते त्यांनी विचारलं, तू कोळी म्हणालीस, तर त्या म्हणाल्या, "आमीबी कोळीच की." मग तू मासळीच्या गोष्टी काढल्यास आणि त्यांनी भाताच्या आणि हिरड्याच्या. कुणाचं कुणाला कळत नव्हतं आणि दोघी खूष होतात. दुपार कलल्यावर खाली आलो तर काठ रिकामा. वारा सुटला होता, लाटा काठाला थापट्या मारत होत्या, आणि आपली लाल होडी पार मधे, वल्ह्यांसकट, धरणाच्या दिशेने निघाली होती.

तू ओढणी सोडून कमरेला बांधलीस. मी आणते पोहून, म्हणालीस. फिलू, तू आणलीही असतीस कदाचित. खाडीत तू याहून लांब पोहली होतीस. पण पाणी थंड होतं, वारा उलटा होता, आणि दर घटकेला ती होडी आणखी लहान दिसत होती. मी तुझं मनगट धरलं. तू झटकलंस. मी दोन्ही हातांनी धरलं. "तू गेलीस तर मी इथे कुणाच्या तोंडाकडे बघत बसू?" असं मी ओरडले. आयुष्यात पहिल्यांदा माझा आवाज तुझ्यापेक्षा वर गेला असेल. तू थांबलीस, पण माझ्याकडे पाहिलं नाहीस. अंधार पडेपर्यंत आपण काठावर तशाच बसलो होतो, आणि मी तुझं मनगट सोडलं नव्हतं.

रात्री मावशींनी नाचणीची भाकरी दिली. पहाटे तू मला हलवून उठवलंस. होडी आली होती. काठापासून हातभर अंतरावर, गवतात नाक खुपसून उभी, जशी काही तिला वाट ठाऊक होती. एक वल्हं हरवलं होतं, बाकी ओरखडासुद्धा नाही. तू कमरेवर हात ठेवून म्हणालीस, "बघ. भरती आली."

तिथून जे भांडण सुरू झालं ते सगळी वर्षं पुरलं. मी म्हणायची, वारा होता. दिवसा तो धरणाकडे वाहतो आणि पहाटे डोंगरावरून उलटा येतो, पाचवीच्या भूगोलात आहे. तू म्हणायचीस, असेल, पण पाणी चढलं नव्हतं हे तू पाहिलंस का? काठावर खूण केली होतीस का? मी खूण केली नव्हती, आणि हे तू मला शंभरदा ऐकवलंस. स्टाफरूममध्ये, बसस्टॉपवर, माझ्या बहिणीच्या लग्नात, अक्षता हातात असताना. दर थंडीत आपण त्या तळ्यावर जायचो. दर वेळी तू कॅलेंडर बघून निघायचीस, आणि दर वेळी मी होडी झाडाला बांधायची. माझी जागा मात्र पुढचीच राहिली. मी वल्हवायला शिकले, बऱ्यापैकी शिकले, पण मागे कधी बसले नाही. तू बस म्हणायचीस आणि मी नको म्हणायची, तेही आपलं ठरलेलं झालं होतं.

मग तुझ्या पोटात गाठ निघाली, आणि त्याबद्दल मी इथे लिहिणार नाही. ते दवाखाने आणि त्या बाटल्या तुला आवडायच्या नाहीत, मलाही त्यांची आठवण काढायची नाही. शेवटचे आठवडे तू घरी होतीस. शाळा सुटली की मी खाडी ओलांडून यायची, तुझ्या वहिनीला जरा पाठ टेकू द्यायची, तुला कुशीवर वळवायची, पाठ पुसायची. वळवायला सुरुवातीला दोघी लागायचो. नंतर मी एकटी पुरे होऊ लागले.

त्या संध्याकाळी तू बरी होतीस. कॅलेंडर नीट दिसत नाही म्हणून तिथी मला वाचायला लावलीस. मग तळ्याचा विषय काढलास. थंडी पडेल आता, म्हणालीस, तू जा.

"कुणाबरोबर?" मी विचारलं.

"एकटी जा. मागे बस."

"नाही."

"येतं तुला. मी बघितलंय ना."

"नाही म्हटलं ना, फिलू. तुझ्याशिवाय मी त्या पाण्याचं तोंड बघणार नाही."

तू डोळे मिटलेस. रागावलीस की दमलीस, ते मला कळलं नाही. शेवटची होडी सुटायची वेळ झाली होती म्हणून मी उठले. उद्या भांडू, असं मनात म्हणून निघाले, आणि दुसऱ्या दिवशी चौथ्या तासाला डॉमनिक वर्गाच्या दारात येऊन उभा राहिला. फळ्यावर अर्धं गणित तसंच राहिलं. सुटलीस तू, असं सगळे म्हणाले, आणि ते खरंही आहे. पण तुझ्या कानावर पडलेला माझा शेवटचा शब्द "नाही" होता. भांडण संपायच्या आत तू उठून गेलीस, फिलू. हे तुझ्या स्वभावात बसत नाही.

महिन्याची मिस्सा झाल्यावर चर्चबाहेर डॉमनिक माझ्यापाशी आला. होडी त्याच्या कारखान्यामागे पडून होती. मालकाच्या मनात ती एका बागेत बसवायची होती, सिमेंटमध्ये पक्की करून, मुलं चढतील, खेळतील. वाईट काही नव्हतं त्यात. रंगही शोभला असता. डॉमनिक चपलेने माती उकरत म्हणाला, "तुम्ही सांगाल तसं करू, बाई. फिलूने मला काय करायचं ते सांगितलं नाही. बाईंना माहीत आहे, एवढंच म्हणाली."

बघ, म्हणजे तू माझा नकार मोजलाच नव्हतास. मला इतका राग आला की मी त्याला तिथल्या तिथे म्हटलं, टेम्पो कधी मिळेल?

शनिवारी शाळा सुटल्यावर निघालो. रात्री रस्त्याकडेच्या चहावाल्याच्या पडवीत पडलो आणि पहाटे होडी काठाला आणली. थंडी कडक होती आणि पाण्यावरून वाफ उठत होती. पलीकडे भागीमावशींच्या वाडीत एक चूल पेटलेली दिसत होती. सगळं जिथल्या तिथे होतं आणि मला ते मुळीच आवडलं नाही. काहीतरी बदललेलं असायला हवं होतं.

पुढे वजन लागणार हे डॉमनिकलाही माहीत होतं. त्याने रिकामं पोतं आणलं होतं, त्यात काठावरची वाळू भरू लागला. किती भरू, बाई, असं त्याने विचारलं. मी पोतं दोन्ही हातांनी उचलून पाहिलं. जास्त झालं होतं. काढ थोडी, म्हटलं. त्याने काढली. मी पुन्हा उचललं, अजून काढ म्हटलं. एवढ्याने नाक बसणार नाही, असं तो कुरकुरला. मी परत उचललं, आणि हातांना ओळख पटली. शेवटच्या आठवड्यात तुला कुशीवर वळवताना हातांवर यायचं तेवढं. "बस, एवढंच," मी म्हटलं. डॉमनिकने पोतं होडीत ठेवायला उचललं. दवाखान्याच्या जिन्यावरून तुला त्यानेच उचलून उतरवलं होतं. तो पोतं तसंच छातीशी धरून जरा वेळ उभा राहिला आणि मग त्याने ते फार हळू पुढच्या जागेवर ठेवलं.

उजाडलं. पाणी सपाट होतं. वारा उठायच्या आत निघा, असं तो म्हणाला, आणि बरोबरच होतं ते. इतकी वर्षं मीच तुला हे सांगत आले. सकाळचं पाणी एकट्या बाईला सोपं, दुपारचं नाही. मी काठावर बसून राहिले. काय झालं, असं त्याने विचारलं.

"आज दशमी," मी म्हटलं. "भरती साडेसातला आहे."

तो माझ्याकडे बघत राहिला. शेवटी तोही गोराईचाच. मग थांबू, म्हणाला आणि माझ्याशेजारी बसला.

पाण्याच्या अगदी कडेला मी एक पांढरा खडा ठेवला होता, खूण म्हणून. त्याच्याकडे बघत बसले होते आणि रडू येत होतं. मी ते येऊ दिलं, कारण डॉमनिक दुसरीकडे बघत होता. तळ्याला भरती नसते, फिलू. मला माहीत होतं, तुलाही माहीत होतं. पहिल्या पहाटेपासून तुला माहीत होतं, आणि तरी तू एवढी वर्षं ते भांडण मरू दिलं नाहीस, हे मला त्या काठावर बसल्यावर कळलं. तू असतीस तर मी म्हटलं असतं की आधीच ओळखलं होतं.

साडेसात झाले. पाणी बोटभरही चढलं नव्हतं. खडा कोरडा होता. हे मी नीट बघून ठेवलंय, डॉमनिकलाही दाखवलंय, साक्षीदार असलेला बरा. मग मी साडी खोचली, मागच्या जागेवर बसले, आणि डॉमनिकने होडी लोटली.

नाक वर उठलं नाही, फिलू.